मत्स्यालयातील गोड्या पाण्याच्या गोगलगायी खाण्यास सुरक्षित असतात का? वारंवार विचारले जाणारे प्रश्न

मत्स्यालयातील गोगलगायींची संख्या आवरेनाशी झाली की 'या खाता येतील का?' हा प्रश्न निघतोच. काही जण तो गमतीने विचारतात, तर काही जण अगदी मनापासून. पुढील उत्तरे मनापासून विचारणाऱ्यांसाठी आहेत. समुद्रातील शंख आणि जमिनीवरील गोगलगायी यांचा येथे विचार केलेला नाही.

मत्स्यालयातील गोगलगाय खाल्ली तर चालते का?

विकत आणून टाकीत सोडलेली, म्हणजेच जिचा पूर्वेतिहास ठाऊक नाही अशी गोगलगाय खाऊ नये. आकाराने मोठ्या जातीची गोगलगाय आपल्याच टाकीत अंड्यातून बाहेर आलेली असेल, त्या टाकीत कधीही औषध, शेवाळनाशक किंवा तांबे असलेले द्रव्य पडले नसेल आणि ती पूर्णपणे शिजवलेली असेल, तर मात्र तिच्यापासून अपाय होण्याची शक्यता बरीच कमी असते. बहुतेक घरगुती टाक्या या दोन टोकांच्या मध्ये कुठेतरी येतात आणि त्यांच्याबाबत उत्तर 'नको' असेच द्यावे लागते.

याचे कारण असे की येथे धोके दोन प्रकारचे आहेत. जंत, त्यांच्या अळ्या आणि जिवाणू हे सजीव धोके असून ते उष्णतेने नष्ट होतात. औषधांचे अंश, जड धातू आणि शेवाळातील विषे हे रासायनिक धोके आहेत आणि गोगलगाय कितीही वेळ उकळली तरी त्यांतील बहुतेक तसेच राहतात. या विषयावरील चर्चा प्रायः जंतांभोवतीच फिरते; प्रत्यक्षात घरगुती मत्स्यालयाच्या बाबतीत दुसऱ्या धोक्याचा विचार अधिक करावा लागतो.

गोड्या पाण्यातील गोगलगायी अनेक ठिकाणी खाल्ल्या जातात. मग मत्स्यालयातील गोगलगायींनीच काय घोडे मारले आहे?

जातीच्या दृष्टीने पाहिले तर काहीच नाही. फरक आहे तो त्या कोणत्या हेतूने वाढवल्या गेल्या याचा. खाण्यासाठी पाळल्या जाणाऱ्या प्राण्याला कोणते औषध द्यावे, किती द्यावे आणि औषध दिल्यानंतर किती दिवस त्याचे मांस वापरू नये, याचे नियम ठरलेले असतात. शोभेच्या माशांसाठी आणि गोगलगायींसाठी असे काहीही ठरलेले नसते, कारण त्या कोणाच्या ताटात जातील अशी अपेक्षाच नसते. म्हणूनच मत्स्यालयाच्या औषधांच्या बाटल्यांवर 'मानवी आहारासाठी असलेल्या माशांना वापरू नये' अशा अर्थाची सूचना बहुधा असते. गोगलगाय त्याच पाण्यात राहते, त्याच तळावरचे शेवाळ आणि गाळ खरवडून खाते, त्यामुळे ती सूचना तिलाही तितकीच लागू आहे.

मत्स्यालयातील कोणत्या जाती खाण्याजोग्या मानता येतील?

खाण्याच्या दृष्टीने विचार करावा अशा मुळात दोनच गटांतील जाती मत्स्यालयात आढळतात.

पहिला गट अ‍ॅपल स्नेलचा. 'मिस्ट्री स्नेल' या नावाने विकली जाणारी पिवळी, निळसर किंवा जांभळट गोगलगाय ही सामान्यतः पोमासिया डिफ्यूझा असते आणि तिचे कवच साधारण पाच सेंटिमीटरपर्यंत वाढते. तिची जवळची नातलग पोमासिया कॅनालिक्युलाटा हिला गोल्डन अ‍ॅपल स्नेल म्हणतात. ती मूळची दक्षिण अमेरिकेतील असून १९८० च्या सुमारास तैवानमध्ये खाण्यासाठीच नेण्यात आली. तेथे तिला अपेक्षित गिऱ्हाईक मिळाले नाही, ती शेतांत आणि पाटांत पसरली आणि पुढे पूर्व व आग्नेय आशियातील भातशेतीची मोठी कीड बनली. जगातील १०० सर्वांत उपद्रवी आक्रमक प्रजातींच्या ज्ञात यादीत तिचे नाव आहे. खाद्य म्हणून आणलेल्या प्राण्याने पिकाचाच घास घ्यावा, हा या गोगलगायीच्या इतिहासातील विरोधाभास आहे. या जातींचा पाय, म्हणजे सरपटण्याचा स्नायुमय भाग, मांसल असतो. मात्र बाजारात त्यांची सरमिसळ होते आणि नुसत्या कवचाच्या रंगावरून जात ओळखता येत नाही.

दुसरा गट ट्रॅपडोअर स्नेल म्हणून ओळखल्या जाणाऱ्या, पिलांना जन्म देणाऱ्या गोगलगायींचा. यांच्या काही जाती चार ते पाच सेंटिमीटरपर्यंत वाढतात आणि बाहेरच्या शोभेच्या तळ्यांत त्या अधिक दिसतात. बाहेरच्या तळ्यात उंदीर, पक्षी आणि पावसाचे वाहते पाणी यांचा संपर्क येतो, ही गोष्ट त्यांच्याबाबतीत विसरू नये.

बाकीच्या जातींबाबत फार लिहिण्याजोगे नाही. रॅम्सहॉर्न, ब्लॅडर स्नेल आणि पाँड स्नेल या टाकीत आपोआप वाढणाऱ्या गोगलगायी इतक्या लहान असतात की त्यांचा पाय आतड्यांपासून वेगळा काढणे व्यवहारात शक्य होत नाही, आणि आतडी खाणे हेच तर टाळायचे असते. मलेशियन ट्रम्पेट स्नेलचे कवच लांब, निमुळते आणि टणक असते, आत मांस जवळपास नसतेच. नेराइट गोगलगायीची पैदास गोड्या पाण्यात होत नाही, म्हणून विक्रीला येणाऱ्या नेराइट प्रायः निसर्गातून पकडलेल्या असतात. त्यांचा पूर्वेतिहास कोणीच सांगू शकत नाही. सुलावेसीच्या सरोवरांतील रॅबिट स्नेल एका वेळी एखादेच पिल्लू देते. तिला खाण्याचा विचार करणाऱ्याने आपल्याकडे खायला दुसरे काही नाही ना, हे आधी तपासावे.

'उंदराच्या फुप्फुसातील जंत' म्हणजे काय? गोगलगायीशी त्याचा संबंध कसा?

अँजिओस्ट्राँगिलस कँटोनेन्सिस हे या सूत्रकृमीचे शास्त्रीय नाव. १९३५ मध्ये चीनमधील ग्वांगचौ, म्हणजे तेव्हाचे कँटन, येथील उंदरांमध्ये त्याचे वर्णन झाले आणि १९४५ मध्ये तैवानमधून पहिल्या मानवी रुग्णाची नोंद प्रसिद्ध झाली. पूर्ण वाढलेले जंत उंदराच्या फुप्फुसाकडे जाणाऱ्या रक्तवाहिन्यांत राहतात. त्यांच्या अंड्यांतून निघालेल्या अळ्या खोकल्याबरोबर घशात येतात, गिळल्या जातात आणि विष्ठेतून बाहेर पडतात. ती विष्ठा किंवा तिने दूषित झालेले पाणी गोगलगायीच्या संपर्कात आले की अळ्या तिच्या शरीरात शिरतात, तेथे दोन वेळा कात टाकतात आणि पुढच्या प्राण्याला बाधा करू शकतील अशा अवस्थेत वाट पाहत राहतात. उंदराने ती गोगलगाय खाल्ली की चक्र पूर्ण होते.

माणूस या चक्रात चुकून शिरतो. कच्ची किंवा अर्धवट शिजलेली गोगलगाय खाल्ल्यास अळ्या आतड्यातून रक्तात आणि तेथून मेंदू व मज्जारज्जूच्या आवरणापर्यंत जातात. माणसात त्यांची वाढ पूर्ण होत नाही. त्या तेथेच मरतात, परंतु त्यांच्यामुळे होणारा दाह गंभीर असतो. इओसिनोफिल या पांढऱ्या रक्तपेशी मेंदूभोवतीच्या द्रवात मोठ्या संख्येने आढळतात, म्हणून या आजाराला इओसिनोफिलिक मेनिंजायटिस म्हणतात. तीव्र डोकेदुखी, मान ताठ होणे, मळमळ, उलट्या आणि त्वचेवर मुंग्या येणे किंवा साध्या स्पर्शानेही दुखणे ही त्याची लक्षणे असून ती खाल्ल्यानंतर बहुधा एक ते तीन आठवड्यांत दिसतात. पुष्कळ रुग्ण आपोआप बरे होतात. काहींना कायमची मज्जासंस्थेची हानी होते आणि क्वचित मृत्यूही ओढवतो.

२००६ मध्ये बीजिंगमध्ये एका उपाहारगृहात अर्धवट शिजलेल्या अ‍ॅपल स्नेल खाल्ल्याने १६० जणांना हा आजार झाला. ही गोगलगाय म्हणजे पोमासिया कॅनालिक्युलाटा, म्हणजेच मत्स्यालयातील मिस्ट्री स्नेलची सख्खी नातलग, हे येथे मुद्दाम नोंदवावेसे वाटते.

माझी टाकी घरात आहे आणि घरात उंदीर नाहीत. मग हा जंत येईलच कसा?

टाकीत जन्मलेल्या आणि टाकीतच वाढलेल्या गोगलगायीत तो येण्याचा मार्ग जवळपास नाही, हे खरे आहे. जंताच्या अळ्या एका गोगलगायीच्या अंड्यांतून पुढच्या पिढीत जात नाहीत. प्रत्येक पिढीला नव्याने उंदराच्या विष्ठेचा संपर्क व्हावा लागतो. प्रश्न उरतो तो विकत आणलेल्या गोगलगायीचा. शोभेच्या गोगलगायी अनेकदा उघड्या हौदांत किंवा तळ्यांत वाढवल्या जातात आणि तेथे उंदरांची ये-जा असू शकते. एकदा शिरलेल्या अळ्या गोगलगायीच्या शरीरात कित्येक महिने जिवंत राहतात, त्यामुळे 'आणून चार महिने झाले' हा निर्धोकपणाचा पुरावा ठरत नाही. बाधित गोगलगाय बाहेरून अगदी निरोगी दिसते.

रॅम्सहॉर्न गोगलगायीमुळे शिस्टोसोमियासिस होतो असे वाचले. ते खरे आहे का?

अर्धे खरे आहे. शिस्टोसोमा या कृमीचा प्रसार बायोम्फॅलेरिया आणि बुलिनस यांसारख्या काही ठरावीक गोगलगायी करतात, आणि बायोम्फॅलेरिया दिसायला रॅम्सहॉर्नसारखीच चपटी, गुंडाळलेल्या कवचाची असते. परंतु हा आजार गोगलगाय खाऊन होत नाही. गोगलगायीतून पाण्यात सुटलेल्या अळ्या माणसाच्या त्वचेतून आत शिरतात. त्यासाठी आधी बाधित माणसाच्या मलमूत्रातील अंडी त्या पाण्यात पोहोचावी लागतात. टाकीत पिढ्यान्‌पिढ्या वाढलेल्या रॅम्सहॉर्नबाबत ही साखळी सुरूच होत नाही, त्यामुळे त्यांची भीती बाळगण्याचे कारण नाही.

इतर कोणते जंत किंवा जिवाणू असू शकतात?

कच्च्या गोगलगायीतून थेट माणसाच्या आतड्यात जाणारे कृमी म्हणजे एकायनोस्टोमा गटातील चपटे कृमी. त्यांच्यामुळे पोटदुखी आणि जुलाब होतात आणि प्राझिक्वाँटेल या औषधाने ते बरे होतात. यकृतातील आणि फुप्फुसातील काही कृमीही गोड्या पाण्याच्या गोगलगायींत वाढतात, पण माणसापर्यंत ते मासा, खेकडा किंवा पाण्यातील वनस्पती यांच्यामार्फत पोहोचतात. साल्मोनेला आणि एरोमोनास हे जिवाणू मत्स्यालयाच्या पाण्यात सापडतात. पूर्ण शिजवल्यावर यांतील काहीही उरत नाही.

टाकीत वापरलेली कोणती रसायने चिंतेची आहेत?

सर्वांत आधी मॅलकाइट ग्रीन. माशांच्या अंगावरील पांढरे ठिपके आणि बुरशी यांवर ते सर्रास वापरले जाते. शरीरात त्याचे ल्यूकोमॅलकाइट ग्रीनमध्ये रूपांतर होते आणि ते चरबीत दीर्घकाळ टिकते. कर्करोगाच्या संभाव्य धोक्यामुळे अमेरिका आणि युरोपीय संघ यांसह अनेक ठिकाणी खाण्याच्या माशांसाठी त्याचा वापर करू दिला जात नाही. पांढऱ्या ठिपक्यांवर घरात दिलेल्या औषधाच्या बाटलीत हे द्रव्य होते का, ते बाटली टाकून दिली असल्यास नंतर सांगता येत नाही, आणि बहुतेकांनी ती टाकून दिलेली असते.

दुसरे तांबे. गोगलगायीच्या रक्तात प्राणवायू वाहून नेणारे हिमोसायनिन हे द्रव्य तांब्यावरच आधारलेले असते, तरीही पाण्यात थोडे जास्त तांबे विरघळले की ती मरते. मरण्याइतके तांबे नसेल तेव्हा ती ते पाचकग्रंथीत साठवत राहते. शिसे, कॅडमियम आणि जस्त यांचेही तसेच होते. तांबे येते परजीवींवरील औषधांतून, शेवाळनाशकांतून, काही वनस्पतीखतांतून आणि क्वचित घरातील तांब्याच्या नळांतून. पाणवनस्पतींच्या बुडख्याला गुंडाळलेली धातूची मऊ पट्टी काही वेळा शिशाची असते. तिच्याकडे तर कोणाचे लक्षही जात नाही.

याशिवाय प्रतिजैविके, फॉर्मलिन, मेट्रोनिडाझोल, लेव्हामिझोल, 'द्रवरूप कार्बन' म्हणून विकले जाणारे ग्लुटारल्डिहाइडवर आधारित द्रव आणि नव्या वनस्पतींवर राहिलेले कीटकनाशकांचे अंश यांची गणना करावी लागेल. टाकीत निळसर-हिरव्या चिकट थराचे, म्हणजे सायनोबॅक्टेरियाचे, प्रमाण जास्त असेल तर त्यांच्या काही जातींची विषेही गोगलगायीच्या शरीरात साठतात, आणि मायक्रोसिस्टिनसारखी विषे उकळूनही जात नाहीत.

सगळीच रसायने सारख्या मापाने मोजू नयेत, हेही तितकेच खरे. नळाच्या पाण्यातील क्लोरिन घालवण्यासाठी वापरले जाणारे सोडियम थायोसल्फेट, कवच मजबूत व्हावे म्हणून टाकलेला कॅल्शियम कार्बोनेट किंवा थोडे मीठ यांच्यामुळे गोगलगाय खाण्यास अयोग्य होत नाही.

औषध वापरल्यानंतर किती दिवस थांबल्यास गोगलगाय खाण्यास योग्य होते?

मत्स्यालयातील गोगलगायींसाठी असा काळ ठरवलेलाच नाही. एक महिना, तीन महिने असे आकडे कोणी सांगितले तर ते अंदाजाचे समजावेत. औषध तळाच्या वाळूत, गाळणीच्या स्पंजात आणि सिलिकॉनच्या सांध्यांतही मुरते आणि तेथून हळूहळू सुटत राहते, त्यामुळे पाणी बदलल्याने हिशेब संपत नाही. औषध पडलेल्या टाकीतील गोगलगायी खाण्याच्या यादीतून कायमच्या वगळाव्यात, हा एकच नियम पाळण्यासारखा आहे.

काही दिवस उपाशी ठेवल्यास गोगलगाय 'शुद्ध' होते ना?

तिचे आतडे रिकामे होते, इतकेच. स्वच्छ, क्लोरिनरहित पाण्यात दोन ते चार दिवस खाद्याविना ठेवल्यास आणि पाणी रोज बदलल्यास आतड्यातील गाळ, शेवाळ आणि विष्ठा निघून जाते. त्यामुळे चव सुधारते आणि साफ करणे सोपे जाते. स्नायूंत बसलेल्या जंतांच्या अळ्या आणि पाचकग्रंथीत साठलेले धातू यांवर मात्र त्याचा काहीही परिणाम होत नाही. बाजारातील गोगलगाय आणून ती आठवडाभर उपाशी ठेवली की झाले, हा समज म्हणूनच घातक आहे.

गोगलगाय सुरक्षितपणे शिजवावी कशी?

येथे फक्त आरोग्याच्या दृष्टीने आवश्यक गोष्टी दिल्या आहेत. चवीचा विचार ज्याचा त्याने करावा.

कच्ची गोगलगाय फोडू नये, चिरू नये. कवच फोडताना जंतांच्या अळ्या हातांवर, सुरीवर आणि पाटावर पसरू शकतात. गोगलगायी जिवंत आहेत याची खात्री करून, कवचे बाहेरून घासून, त्या आधी अखंडच खळखळ उकळत्या पाण्यात टाकाव्यात. जंताच्या अळ्या मारण्यासाठी किमान तीन ते पाच मिनिटे उकळणे पुरेसे मानले जाते, पण पाच सेंटिमीटरच्या कवचात उष्णता मध्यापर्यंत पोहोचायला वेळ लागतो आणि एकदम पुष्कळ गोगलगायी टाकल्या की पाण्याची उकळी मोडते. त्यामुळे उकळी पुन्हा आल्यापासून दहा मिनिटे मोजणे शहाणपणाचे. मांसाच्या मध्यभागी ७४ अंश सेल्सिअस तापमान गाठले जावे. पहिले पाणी फेकून द्यावे.

त्यानंतर मांस कवचातून ओढून काढावे, तोंडावरचे टणक झाकण टाकावे आणि फक्त पायाचा स्नायू ठेवून मागचा मऊ, वेटोळ्यांचा सगळा भाग काढून टाकावा. धातू, विषे आणि अंड्यांची प्रथिने यांचा मोठा वाटा याच भागात असतो, म्हणून तो 'थोडासा राहिला तर चालेल' असे म्हणू नये. उरलेला स्नायू धुऊन पुन्हा शिजवावा. मायक्रोवेव्हमध्ये उष्णता सगळीकडे सारखी पोहोचत नाही, त्यामुळे पहिल्या शिजवणीसाठी तो वापरू नये.

लिंबाचा रस, व्हिनेगर, मीठ, मद्य किंवा तिखट यांनी जंत मरत नाहीत का?

भरवशाने मरत नाहीत. आंबट द्रवात मुरवलेले मांस शिजल्यासारखे दिसू लागते, पण हा फक्त प्रथिनांतील बदल असतो. गोठवल्याने अळ्या मरतात, तरी त्यासाठी उणे १५ अंशांच्या आसपासचे तापमान मांसाच्या मध्यापर्यंत २४ तास टिकावे लागते. वारंवार उघडल्या जाणाऱ्या घरगुती फ्रीझरवर ती जबाबदारी टाकू नये. गोठवलेली गोगलगायही शिजवावीच लागते.

गोगलगायींची अंडी खाता येतात का?

अ‍ॅपल स्नेलची अंडी खाऊ नयेत. पोमासिया कॅनालिक्युलाटा पाण्याच्या पातळीच्या वर गडद गुलाबी अंड्यांचा घोस घालते आणि तो रंग भक्षकांना दिलेला इशाराच आहे. अंड्यांतील पेरिव्हिटेलिन-२ हे प्रथिन मज्जासंस्थेवर विषारी परिणाम करते, असे उंदरांवरील प्रयोगांत दिसले आहे. त्यांतील दुसरे एक प्रथिन उकळत्या पाण्याच्या जवळपास तापमानालाही टिकून राहते आणि पचनरसांनाही दाद देत नाही, त्यामुळे अंडी शिजवून उपयोग नाही. इतके अन्न उघड्यावर पडलेले असूनही ते खाणारे प्राणी फारच थोडे आहेत. ही प्रथिने मादीच्या शरीरातील अल्ब्युमिन ग्रंथीत तयार होतात, मागचा मऊ भाग काढून टाकण्याचे हेही एक कारण आहे.

गोगलगायीची अ‍ॅलर्जी असते का?

असते, आणि ती तीव्र असू शकते. कोळंबी, खेकडा किंवा शिंपले यांची अ‍ॅलर्जी असलेल्यांनी गोगलगाय टाळावी. त्याहून कमी माहीत असलेली गोष्ट अशी, की घरातील धुळीतल्या माइट या सूक्ष्म किड्यांची अ‍ॅलर्जी असणाऱ्या काही व्यक्तींना गोगलगाय खाल्ल्यावर दम्याचा तीव्र झटका येतो. दोन्हींतील काही प्रथिनांत साम्य असल्यामुळे शरीर त्यांच्यात गफलत करते. यातील ट्रोपोमायोसिन हे प्रथिन शिजवूनही टिकते. धुळीने शिंका येतात आणि दमाही आहे, अशा व्यक्तीने पहिला प्रयोग एकट्याने घरी करू नये; खरे तर करूच नये.

गर्भवती, लहान मुले आणि प्रतिकारशक्ती कमी असलेल्या व्यक्तींनीही मत्स्यालयातील गोगलगायीच्या वाट्याला जाऊ नये.

टाकीत मरून पडलेली गोगलगाय खाता येते का?

नाही. ती काही तासांतच सडू लागते आणि तिचा वास एकदा घेतला की हा प्रश्न पुन्हा पडत नाही.

मुलाने कच्ची गोगलगाय तोंडात घातली किंवा गिळली तर काय करावे?

उलटी करवू नये. तोंडात काही उरले असल्यास ते काढून चूळ भरायला लावावी, हात धुवावेत आणि डॉक्टरांशी संपर्क साधावा. कोणत्या जातीची गोगलगाय होती, ती टाकीत जन्मलेली की बाहेरून आणलेली, आणि टाकीत कोणती औषधे होती ही माहिती सोबत न्यावी. टाकीतच जन्मलेल्या गोगलगायीबाबत जंतांचा धोका अत्यल्प असतो, तरी पुढचे काही आठवडे डोकेदुखी, उलट्या, मान ताठ होणे, लहान मुलांत विनाकारण चिडचिड किंवा सुस्ती यांकडे लक्ष ठेवावे. यांतील काही दिसल्यास डॉक्टरांना गोगलगायीची आठवण स्वतःहून करून द्यावी, कारण तीन आठवड्यांपूर्वीच्या त्या प्रसंगाचा आजाराशी संबंध कोणाच्या लक्षात येत नाही. उपचारात वेदनाशामके आणि दाह कमी करणारी स्टिरॉइड औषधे वापरली जातात. जंतनाशक औषध द्यायचे की नाही हा निर्णय डॉक्टरांचा. अळ्या एकदम मेल्यास दाह वाढण्याची शंका असते, म्हणून घरात असलेली जंताची गोळी आपल्या मनाने देऊ नये.

खायचे नाही, पण टाकीत हात घालणे तरी सुरक्षित आहे ना?

आहे, साध्या काळजीसह. हातावर जखम असेल तर हातमोजे घालावेत, कारण मायकोबॅक्टेरियम मरायनम हा जिवाणू जखमेतून शिरून महिनोन्‌महिने न भरणारी गाठ निर्माण करू शकतो. काम झाल्यावर साबणाने हात धुवावेत. नळी तोंडात धरून पाणी ओढण्याची पद्धत मत्स्यालय बाळगणाऱ्यांत अजून दिसते, ती सोडून द्यावी.

इतकी काळजी घेऊन हाती काय लागते?

थोडेच. गोगलगायीच्या १०० ग्रॅम कच्च्या मांसात साधारण १६ ग्रॅम प्रथिने आणि दीड ग्रॅमच्या आत चरबी असते, त्यामुळे अन्न म्हणून ती वाईट नाही. परंतु कवच, झाकण आणि मागचा भाग काढून टाकल्यावर एका मिस्ट्री स्नेलमधून हाती येणारा स्नायू घासभरही नसतो. एका जेवणापुरत्या मांसासाठी कित्येक डझन प्रौढ गोगलगायी लागतील, आणि तितक्या गोगलगायी ज्या टाकीत दाटीने राहतात त्या टाकीच्या पाण्याची गुणवत्ता काय असेल, याचा अंदाज कोणालाही करता येईल.

मुद्दाम खाण्यासाठीच गोगलगायी वाढवायच्या असतील तर?

मग त्यासाठी नवी टाकी घ्यावी. औषधे पडलेली जुनी टाकी धुऊन वापरू नये. विकत आणलेल्या गोगलगायींना केवळ पैदाशीसाठी ठेवावे. त्यांनी घातलेली अंडी वेगळ्या टाकीत उबवावीत आणि त्यांतून निघालेली पिढीच खाण्यासाठी धरावी. या टाकीत मासे नसावेत, म्हणजे माशांच्या आजारांसाठी औषध टाकण्याचा मोहच होत नाही. तळाला रंगीत खडे, धातूच्या वस्तू किंवा शोभेच्या मूर्ती नकोत. शिजवलेल्या पालेभाज्या, काकडी, दुधी असे माणसाच्या खाण्यातले अन्न द्यावे, कारण माशांचे तयार खाद्य मानवी आहाराचे निकष डोळ्यांसमोर ठेवून बनवलेले नसते. टाकीवर घट्ट झाकण असावे. अ‍ॅपल स्नेल रात्री पाण्याबाहेर चढून दूरवर जाते, आणि झाकणाने उंदीर व झुरळेही बाहेर राहतात.

हे सुरू करण्यापूर्वी आपल्या प्रदेशातील कायदा पाहावा. युरोपीय संघाने २०१२ मध्ये पोमासिया वंशातील गोगलगायींच्या आयातीवर आणि प्रसारावर बंदी घातली. अमेरिकेत गोल्डन अ‍ॅपल स्नेल एका राज्यातून दुसऱ्या राज्यात नेण्यासाठी परवानगी लागते.

खायच्या नसतील तर वाढलेल्या गोगलगायींचे काय करावे?

सर्वप्रथम खाद्य कमी करावे, कारण गोगलगायींची संख्या टाकीत उरणाऱ्या अन्नावर अवलंबून असते. पाण्याच्या पातळीच्या वर चिकटवलेले अंड्यांचे घोस वेळीच काढावेत. असासिन स्नेल किंवा काही लोच मासे लहान गोगलगायी खातात, त्यांचा उपयोग होतो. तांबे असलेली गोगलगायनाशके मात्र वापरू नयेत. एकाच वेळी शेकडो गोगलगायी मेल्यास पाण्यात अमोनिया वाढून मासेही दगावतात. उरलेल्या गोगलगायी पिशवीत बंद करून दोन दिवस गोठवाव्यात आणि मग पुरून टाकाव्यात किंवा कचऱ्यात द्याव्यात. नदी, ओढा, तळे, गटार किंवा शौचालय यांत त्या जिवंत सोडू नयेत. पाणी बदलताना निघालेला गाळही उघड्या नाल्यात ओतू नये, कारण त्यात डोळ्यांना न दिसणारी पिले असतात.